मलायी बोलपटाचे पहिले दिग्दर्शक

राजहंस हें आडनांव उच्चारलें कीं महाराष्ट्रांत एकच मूर्ति डोळ्यांपुढें उभी राहते, ती नारायणराव राजहंसांची, म्हणजे बालगंधर्वांची. आज ज्या राजहंसांविषयीं आम्ही लिहीत आहों ते निराळे. बी. एस. राजहंस हे हिंदुस्थानांतून सिंगापुरास गेलेले गृहस्थ. त्यांची कर्मभूमि मलाया, आणि ज्या भाषेंत त्यांनीं बोलपट काढिले ती त्यांची मातृभाषा नव्हे. तथापि मलायी भाषेंतील पहिला बोलपट सन १९३४ मध्यें पडद्यावर आला, तो त्यांनींच दिग्दर्शित केलेला. दुसऱ्या महायुद्धानंतरचा पहिला मलायी बोलपट १९४६ चा, तोहि त्यांचाच. पुढें १९५३ मध्यें कॅथे-केरिस ही नवी चित्रसंस्था उभी राहिली तेव्हां तिचा पहिला बोलपट, जो मलायी भाषेंतील पहिला रंगीत बोलपट म्हणून गणला जातो, त्याच्या दिग्दर्शनासाठींहि राजहंसांनाच बोलावणें गेलें. एकाच माणसाच्या वांट्यास तीनदां पहिलेपणाचा मान यावा, आणि तरीहि त्याचें नांव बहुधा दुसऱ्या एका कलावंताच्या चरित्रांत, यानें त्याला शोधून काढलें, एवढ्या एका वाक्यापुरतें यावें, हें आम्हांस चमत्कारिक वाटतें.

पण मानापमानाचा हा हिशेब गौण आहे. खरा वाद निराळा आहे. राजहंस व त्यांच्यामागून सिंगापुरास गेलेले इतर भारतीय दिग्दर्शक यांजवर मलायी वृत्तपत्रांतून व साहित्यिकांकडून पुढें असा आक्षेप घेतला गेला कीं, या लोकांनीं नटांच्या तोंडीं मलायी भाषा घातली खरी, परंतु कथा, गाणीं, नाच आणि एकंदर वागणें हें सारें हिंदुस्थानांतून आणून आमच्या लोकांच्या अंगावर चढविलें. आक्षेप गंभीर आहे. ज्या समाजाला स्वतःची कला स्वतःच्या डोळ्यांनीं पाहण्याची संधि नुकतीच मिळाली, त्याला आरशांत परक्याचाच चेहरा दिसत असेल, तर त्यानें संतापावें यांत गैर कांहीं नाहीं. मात्र हें हिंदुस्थानी लेणें मलायांत प्रथम कोणीं नेलें, याचा शोध घेतल्यास राजहंसांच्या पलीकडे बरेंच मागें जावें लागतें, आणि तो माग थेट आमच्या मुंबईपर्यंत येऊन पोंचतो.

एकोणिसाव्या शतकाच्या आठव्या दशकांत मुंबईच्या पारशी नाटक मंडळ्या समुद्रापलीकडे खेळ करूं लागल्या. मलायाच्या वायव्येस पिनांग हें बेट आहे. तेथें त्यांचा मुक्काम पडला. रंगविलेले पडदे, झगमगीत पोषाख, परी आणि राक्षस, पेटी व तबला, आणि दर दोन प्रवेशांआड एक गाणें, असा तो थाट. प्रेक्षकांस भाषा कळत नव्हती. पण इंदरसभेच्या दरबारांत काय चाललें आहे हें समजण्यास भाषेची फारशी गरज लागत नाहीं. लोक या प्रकारास ‘वायांग पारसी’, म्हणजे पारशी खेळ, म्हणूं लागले. पुढें सन १८८५ मध्यें मामाक पुशी नांवाच्या पिनांगकर गृहस्थानें ‘पुशी इंद्र बंगसावान’ ही मंडळी काढून त्याच धर्तीवर मलायी भाषेंत नाटकें सुरू केलीं. येथून ‘बंगसावान’ नांवाच्या नाट्यप्रकाराचा संसार सुरू झाला. या शब्दाचा अर्थ थोरामोठ्यांचा, खानदानी असा आहे. प्रेक्षक मात्र सर्व थरांचे असत.

बंगसावानची रचना समजून घेतल्यावांचून मलायी बोलपटाची घडण समजणें शक्य नाहीं, म्हणून येथें थोडें थांबणें भाग आहे. नटांना पाठ करावयास संपूर्ण संहिता नसे. कथानकाचा सांगाडा सूत्रधार सांगे, आणि संवाद नट जागच्या जागीं रचीत. कथा कोठूनहि घेत: अरबस्तानांतून, इराणांतून, चीनमधून, शेक्सपीअरकडूनहि. पडदा बदलेपर्यंत प्रेक्षकांचें मन रमावें म्हणून पुढच्या पडद्यासमोर निराळीं गाणीं व नाच होत. त्यांना ‘एक्स्ट्रा टर्न’ असेंच इंग्रजी नांव पडलें होतें, आणि पुष्कळ लोक नाटकापेक्षां त्यांच्यासाठींच तिकीट काढीत. नायकास ‘ओरांग मुडा’, म्हणजे तरुण पुरुष, आणि नायिकेस ‘स्री पांगुंग’, म्हणजे रंगमंचाची श्री, असें म्हणत. ही श्री खरोखरीची स्त्री असे, हें लक्षांत ठेवण्याजोगें आहे. आमच्याकडे नारायणराव राजहंस शालू नेसून सभागृह वेडें करीत होते, आणि १९१३ सालीं दादासाहेब फाळक्यांना तारामतीच्या भूमिकेसाठीं साळुंके नांवाच्या पुरुषासच उभें करावें लागलें. सिंगापुरांत दुसऱ्या राजहंसांना बोलपट काढावयाचा झाला तेव्हां ही अडचण त्यांच्या वाटेस गेली नाहीं. गाणारी, नाचणारी, प्रेक्षकांस न बुजणारी नटी त्यांना रंगभूमीनें तयार करून दिलेली होती.

सिंगापुरांत चित्रपट राजहंसांच्या आधीं निघाला होता. ‘सिन के’ हा मूकपट १९२७ चा. त्याच्या नांवाचा अर्थ नवा आलेला पाहुणा, आणि तो तेथील चिनी वस्तीसाठीं होता. ज्यांच्या नांवानें तो देश ओळखला जाई त्या मलायी लोकांना मात्र पडद्यावर स्वतःची भाषा ऐकूं येत नव्हती. ते चिनी चित्रपट पाहात, अमेरिकन पाहात, आणि आमचे हिंदी बोलपट तर आवडीनें पाहात. ‘आलम आरा’ निघाला त्याच १९३१ सालीं कलकत्त्याच्या मादन कंपनीनें ‘लैला मजनू’ बोलका केला होता. मजनूची कथा बंगसावानच्या प्रेक्षकांच्या कानांवर पिढ्यान्‌पिढ्या पडत आलेली. मुंबईच्या मोतीलाल केमिकल कंपनीच्या वतीनें चिश्ती नांवाच्या गृहस्थांनीं मलायी बोलपटांत भांडवल घालण्याचें ठरविलें, तेव्हां कथेची निवड करण्यांत त्यांना फार डोकें खाजवावें लागलें नसेल. रसायनांच्या व्यापाऱ्यानें प्रेमकथेच्या व्यापारांत पडावें याचें कोणास हंसूं येईल. पण त्या काळच्या चित्रधंद्यांत कोणाचें भांडवल कोठून आलें हें पाहूं लागल्यास याहून विचित्र जोड्या सांपडतील.

‘लैला मजनून’ हा बोलपट २७ मार्च १९३४ रोजीं सिंगापुरांत बीच रोडवरील मार्लबरो सिनेमागृहांत लागला. एम. सुकी, फातिमा जास्मिन वगैरे त्यांतील मंडळी बंगसावानच्या रंगभूमीवरून आलेली होती. भाषा मलायी, कथा अरबी, घाट पारशी नाटकाचा, दिग्दर्शक भारतीय, पैसा मुंबईचा. या खिचडीला मलायी बोलपट कां म्हणावें, असें कोणी विचारल्यास आमचें उत्तर असें आहे कीं, ही खिचडी शिजविण्याचें काम राजहंसांनीं केलेलें नाहीं. ती पिनांगच्या चुलीवर आधींच पन्नास वर्षें शिजत होती आणि मलायी लोक ती आपलें अन्न म्हणून खात होते. राजहंसांनीं तिचें पातेलें उचलून कॅमेऱ्यापुढें ठेविलें. हा बोलपट आज उपलब्ध नाहीं, त्यामुळें त्याच्या गुणदोषांची चर्चा करणें व्यर्थ होय. त्यानें एक गोष्ट सिद्ध केली: मलायी भाषेंत बोलपट निघूं शकतो, आणि तो बोलण्यास नटहि आहेत.

त्यानंतर बारा वर्षें या कथेंत राजहंस मागें पडतात. या काळांत शांघायहून आलेल्या रनमी व रन रन या शॉ बंधूंनीं मलायाभर सिनेमागृहांचें जाळें विणलें. शेजारच्या डच ईस्ट इंडीजमध्यें १९३७ सालीं निघालेला ‘तेरांग बूलान’ सिंगापुरांत विलक्षण चालला, तो पाहून त्यांनींहि मलायी बोलपट काढण्यास आरंभ केला. दिग्दर्शनासाठीं त्यांनीं हौ याओ व वान होई लिंग ही चिनी जोडी आणिली. ‘मुतियारा’, म्हणजे मोती, हा त्यांचा १९४० चा बोलपट. फेब्रुवारी १९४२ मध्यें सिंगापूर जपान्यांच्या हातीं पडलें आणि हें सारें थांबलें. हौ याओ हे पूर्वीं जपानविरोधी चित्रपट काढीत. जपान्यांनीं त्याच वर्षीं त्यांना ठार केलें. मलायी बोलपटाच्या पायाभरणींत रक्त सांडलेलें आहे तें या चिनी दिग्दर्शकाचें, हें भारतीयांच्या कामगिरीची बढाई मारणाऱ्यानें विसरूं नये.

युद्ध संपल्यावर चिश्ती आणि राजहंस पुन्हां एकत्र आले. मलायन आर्ट्‌स प्रॉडक्शन या संस्थेतर्फे त्यांनीं १९४६ मध्यें ‘सेरुआन मेरदेका’ हा बोलपट काढिला. ‘सेरुआन’ म्हणजे हांक, ‘मेरदेका’ म्हणजे स्वातंत्र्य. (हा मेरदेका शब्द आपल्या संस्कृत ‘महर्द्धिक’ शब्दाचा वंशज आहे.) राजहंसांच्या एकंदर कारकीर्दींत सर्वांत धाडसाचें काम कोणतें, असें विचारल्यास आम्ही ‘लैला मजनून’चें नांव घेणार नाहीं, याचें घेऊं. बारा वर्षांपूर्वीं ज्यानें वाळवंटांतील प्रेमवेड्याची कथा सांगितली, त्यानें आतां आपल्या प्रेक्षकांनीं कालपरवां भोगलेला जपानी अंमल पडद्यावर आणिला, आणि त्यांत मलायी व चिनी तरुण खांद्यास खांदा लावून जपान्यांशीं लढतांना दाखविले. १९४६ सालीं असें दाखविणें सोपें नव्हतें. जपाननें शस्त्रें खालीं ठेविल्यापासून ब्रिटिश परत येईपर्यंतच्या आठवड्यांत जोहोरसारख्या भागांत याच दोन समाजांत रक्तपात झालेला होता. शिवाय ब्रिटिशांनीं मांडलेल्या मलायन युनियनच्या योजनेविरुद्ध मलायी समाज त्याच वर्षीं खवळून उठला होता, आणि देश नेमका कोणाचा हा प्रश्न ज्याच्या त्याच्या तोंडीं होता. अशा वेळीं ऐक्याचें चित्र रंगविणें म्हणजे दोघांचाहि रोष पत्करणें. परक्या माणसानें मलायी जीवनाकडे पाहिलेंच नाहीं असा ज्यांचा आरोप आहे, त्यांनीं या एका बोलपटाचें काय करावयाचें हें आधीं सांगावें.

धाडसानें मात्र गल्ला भरत नाहीं. बोलपट काढणें एक, आणि तो दाखविण्यास सिनेमागृहें हातीं असणें दुसरें. चिश्तींच्या संस्थेकडे सिनेमागृहें नव्हतीं. तिचा हा पहिलाच बोलपट शेवटचाहि ठरला, आणि राजहंस ज्यांच्याकडे सिनेमागृहें होतीं त्या शॉ बंधूंच्या नोकरींत शिरले.

सिंगापुरांतील जालान आम्पास या आंखूड रस्त्यावर शॉ बंधूंचा स्टुडिओ होता. १९६७ सालीं तो बंद झाला. तोंपर्यंत तेथें दीडशेंहून अधिक मलायी बोलपट तयार झाले. त्याच्या युद्धोत्तर आयुष्याचा श्रीगणेशा राजहंसांनीं केला. १९४७ सालीं ‘सिंगापुरा दि वाक्तु मालाम’ व ‘चेम्पाका’, १९४८ सालीं ‘पिसाउ बेराचुन’ व ‘चिंता’, १९४९ सालीं ‘नूर अस्मारा’ व ‘नीलाम’. या नांवांवरून नजर फिरवितांना मराठी वाचकास गंमत वाटेल. ‘सिंगापुरा’ म्हणजे सिंहपूर हें उघड आहे. पुढचा ‘वाक्तु’ अरबीवाटे आलेला आपला वक्त, आणि ‘मालाम’ म्हणजे रात्र. ‘चेम्पाका’ हा आपला चंपक, चाफा. ‘नीलाम’ म्हणजे नीलमणि. आणि ‘चिंता’चा अर्थ मलायी भाषेंत चिंता असा नसून प्रेम असा आहे! संस्कृत शब्द समुद्र ओलांडून गेला आणि काळजीचा प्रेमांत पालट झाला. विवाहित वाचकांस यांत अर्थभेद फारसा दिसणार नाहीं. विनोद सोडून सांगावयाचें तर, ज्या भाषेनें शेंकडों वर्षें परके शब्द घेऊन त्यांना स्वतःचा अर्थ दिला, ती बोलपटाच्या बाबतींतहि तेंच करील, हें अपेक्षितच होतें.

या बोलपटांनीं नट-नटींचा एक नवा वर्ग निर्माण केला. ‘सिंगापुरा दि वाक्तु मालाम’मधून सिपुत सारावाक पुढें आली, ‘चेम्पाका’मधून कास्मा बूटी, दोघींचीं नांवें पुढें घरोघर झालीं. १९४८ सालीं राजहंस नवीन गळ्यांच्या शोधांत उत्तरेकडे गेले असतां पिनांगसमोरील मुख्य भूमीवर बुकित मेर्ताजाम येथें एका जत्रेंत त्यांनीं एकोणीस वर्षांच्या एका तरुणाचें गाणें ऐकिलें. गाण्याचें नांव ‘अझीझा’, तें त्या तरुणाचें स्वतःचेंच. आणि तरुणाचें नांव पी. रामली. राजहंसांनीं त्याला सिंगापुरास बोलाविलें. ‘चिंता’मध्यें त्याला खलनायकाची दुय्यम भूमिका मिळाली, आणि नायक रूमाई नूर यांच्या ओंठांमागून गाण्याचें कामहि मिळालें. एकानें तोंड हलवावें आणि दुसऱ्यानें गावें ही युक्ति आमच्याकडे १९३५ च्या सुमारास रूढ झाली होती. स्वतः खलनायक म्हणून लोकांच्या शिव्या खावयाच्या आणि नायकाच्या तोंडून त्यांच्या टाळ्या घ्यावयाच्या, अशी ही विलक्षण उमेदवारी होती. त्या बोलपटांत रामलीनें पडद्यामागचीं किरकोळ कामेंहि केलीं. पुढें त्यानें साठांहून अधिक बोलपटांत भूमिका केल्या, तीसांहून अधिक दिग्दर्शित केले, आणि १९७३ सालीं तो वारला तोंपर्यंत मलायी चित्रपट म्हणजे पी. रामली असें समीकरण होऊन बसलें होतें. राजहंसांचें नांव स्मरणांत उरलें आहे तें मुख्यतः या जत्रेंतील प्रसंगामुळें. आमच्या मतें जत्रेंत चांगला गळा कोणासहि ओळखूं आला असता. रामलीला नेण्याजोगी जागा सिंगापुरांत तयार होती, ही खरी कमाई होय.

आतां आक्षेपाची दुसरी बाजू. राजहंसांचे व त्यांच्या मागून आलेल्यांचे बोलपट लिहिले कसे जात हें पाहिल्यास आक्षेपकांचें म्हणणें अगदींच टाकाऊ नव्हतें असें दिसतें. भारतीय दिग्दर्शक संहिता बहुधा इंग्रजींत तयार करीत. मग जामिल सुलोंगसारखे मलायी साहाय्यक तिचें भाषांतर करीत आणि नटांकडून बोलवून घेत. म्हणजे वाक्य जन्मास येतांनाच परकें, आणि पडद्यावर जातें भाषांतर होऊन. नटाच्या तोंडीं शब्द बरोबर असतात, पण बोलण्याची लकब, म्हणींचा ठसका, वडील माणसापुढें आवाज उतरविण्याची रीत हीं भाषांतरांत हातीं लागत नाहींत. कथानकांचा सांचाहि ठरलेला: श्रीमंत मुलगी, गरीब मुलगा, दुष्ट आप्त, आणि दुःख अनावर झालें कीं गाणें. मलायी खेड्यांत भात पिकतें, कोळी समुद्रावर जातात, मशिदींत मुलें कुराण शिकतात. यांतलें त्या सांच्यांत फार थोडें मावलें. बंगसावानचा वारसा हा याबाबत अर्धाच बचाव आहे. रंगभूमीवरचा नट संवाद जागच्या जागीं स्वतःच्या भाषेंत रचीत असे. बोलपटानें त्याच्या हातीं परक्याची संहिता दिली. जो स्वतःच बोलत होता तो आतां दुसऱ्याचें बोलूं लागला. राजहंसांच्या काळांत मलायी बोलपटाला भरपूर मिळालें, पण ही एक वस्तु त्यांत हरवली, असें आम्हांस वाटतें.

तरीहि दोष सर्वस्वीं दिग्दर्शकांचा नव्हता. शॉ बंधूंना झटपट निघणारा आणि हमखास चालणारा माल हवा होता. हिंदी बोलपट मलायी प्रेक्षक गर्दी करून पाहतो हें त्यांना तिकिटांच्या हिशेबावरून ठाऊक होतें. मग तोच सांचा मलायी भाषेंत ओतणारा पगारी माणूस हिंदुस्थानांतून आणावा, हा हिशेब सरळ होता. राजहंसांच्या मागून एल. कृष्णन, एस. रामनाथन, बी. एन. राव हे आले ते याच मार्गानें, आणि सैगलांच्या ‘स्ट्रीट सिंगर’चे फणी मजुमदारहि. परका दिग्दर्शक मलायी काळजाला हात घालूं शकत नाहीं, असा नियम कोणी केल्यास तो मजुमदारांपाशीं मोडतो. त्यांच्या ‘अनाक-कू साझाली’मध्यें रामलीनें लाडावलेला मुलगा व त्याच्यापुढें हतबल झालेला बाप अशा दोन्हीं भूमिका केल्या, आणि १९५७ सालीं टोकियोच्या आशियाई चित्रपट महोत्सवांत त्याला सर्वोत्कृष्ट नटाचें पारितोषिक मिळालें.

राजहंसांचें तिसरें पहिलेपण याच धामधुमींतलें. लोक वान थो आणि हो आ लोक या दोघांनीं १९५३ सालीं कॅथे-केरिस ही संस्था काढून शॉ बंधूंशीं सामना मांडला. (लोक यांच्याच कॅथे सिनेमागृहांत २१ ऑक्टोबर १९४३ रोजीं नेताजी सुभाषचंद्रांनीं आझाद हिंद सरकारची घोषणा केली होती.) या संस्थेचा पहिला बोलपट ‘बुलुह पेरिंदू’, म्हणजे हुरहूर लावणारा जादूचा वेळू, राजहंसांनीं रंगांत काढिला. नव्या धनकोला नवें दार उघडावयाचें होतें तेव्हां किल्ली याच माणसाजवळ आहे असें त्याला वाटलें, हें एवढ्यावरून दिसतें.

तोंवर मलायी माणसानेंच मलायी बोलपट दिग्दर्शित करावा ही मागणी जोर धरूं लागली होती. शॉ बंधूंनीं १९५२ सालीं हाजी महदी यांना ‘पेर्माता दि पेर्लिम्बाहान’, म्हणजे सांडपाण्यांतलें रत्न, हा बोलपट दिला. तो चालला नाहीं, आणि मालकांना हात आंखडता घेण्यास निमित्त मिळालें. पुढची संधि यावयास तीन वर्षें गेलीं. १९५५ सालीं रामलीनें ‘पेनारेक बेचा’ हा स्वतः दिग्दर्शित केलेला पहिला बोलपट दिला. त्याचा नायक तीन चाकी सायकलरिक्षा ओढणारा गरीब तरुण. सिंगापूरच्या गल्ल्या, घाम आणि रोजची मजुरी त्यांत आहे, आणि संवाद ज्याच्या त्याच्या तोंडचे वाटतात. सांचा मात्र जुनाच आहे: श्रीमंत बापाची मुलगी, गरीब मुलगा, मध्यें दुष्ट मनुष्य, आणि दुःख अनावर झालें कीं गाणें. त्या मुलीचें नांव रामलीनें अझीझा ठेविलें, आणि बुकित मेर्ताजामच्या जत्रेंत राजहंसांनीं ऐकिलेलें तेंच गाणें त्यानें या बोलपटांत स्वतःच्या तोंडानें म्हटलें.